देवदूताचा कर्णा घरीं लावावा काय ?

अलीकडे कांहीं वर्षांत उल्हासनगर, अंबरनाथ व बदलापूर या आमच्या तीनही गांवीं घरोघर फुलझाडें लावण्याची आवड वाढत चालली आहे, ही मोठ्या समाधानाची गोष्ट होय. जेथें अंगण उरलें नाहीं तेथें गच्चीवर, आणि जेथें गच्चीही वांट्यास आली नाहीं तेथें खिडकीच्या गजांआड कुंड्या दिसूं लागल्या आहेत. मोगरा, जास्वंद, गुलाब, तुळस या जुन्या मंडळींच्या शेजारीं कांहीं परदेशस्थ पाहुणेही आतां सुखानें नांदूं लागले आहेत. त्यांपैकीं एका पाहुण्याविषयीं आम्हांस येथें चार शब्द लिहावयाचे आहेत. रोपवाटिकेंत हें झाड 'एंजल्स ट्रंपेट' या नांवानें विकलें जातें. मराठींत त्याचा सरळ अर्थ 'देवदूताचा कर्णा' असा होईल. हें झाड दिसावयास सुंदर आहे, वासानें मोहक आहे, आणि मुळापासून फुलापर्यंत विषारी आहे. तें घरीं लावावें कीं न लावावें, हा प्रश्न आमच्या पालकांपुढें व विद्यार्थ्यांपुढें विचारार्थ ठेवावा असें आम्हांस वाटतें. कारण हा प्रश्न एका झाडापुरता नसून मुलांस वळण कसें लावावें याच्याशीं त्याचा निकट संबंध आहे.

प्रथम पाहुण्याची ओळख करून घेऊं. वनस्पतिशास्त्रांत या झाडास 'ब्रुग्मान्सिया' म्हणतात. त्याची जन्मभूमि दक्षिण अमेरिका. अँडीज पर्वताच्या कुशींत व ब्राझीलच्या आग्नेय किनाऱ्याकडे त्याच्या निरनिराळ्या जाती उगवत असत. स्वीडनचा विख्यात वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियस यानें इ. स. १७५३ मध्यें या झाडाची गणना 'दतूरा' या वर्गांत केली. आणि हा 'दतूरा' शब्द आपल्या देशांतील 'धत्तूर' या नांवापासूनच आलेला आहे. पुढें १८०५ सालीं पर्सून या शास्त्रज्ञानें त्यास निराळें काढून ब्रुग्मान्स नांवाच्या एका डच विद्वानाच्या सन्मानार्थ त्याचें नवें नांव ठेविलें. सारांश, ज्यास आपण परका समजतों तो आपल्या रस्त्याच्या कडेला उगवणाऱ्या धोत्र्याचा जवळचा भाऊबंद आहे. वांगें, बटाटा, टोमॅटो व मिरची हींही त्याच मोठ्या कुळांतलीं होत.

या दोघां भाऊबंदांतील भेद प्रत्येक विद्यार्थ्यास सांगतां आला पाहिजे. धोत्रा हें कंबरेइतकें वाढणारें झुडूप. त्याचें फूल आभाळाकडे तोंड करून उभें राहतें आणि त्याचें फळ गोल व काटेरी असतें. देवदूताचा कर्णा हें लांकडी खोडाचें, अनेक वर्षें टिकणारें, पुरुषभराहून उंच होणारें झाड. त्याचें वीतभर किंवा त्याहूनही लांब फूल खालीं लोंबतें, आणि त्याच्या फळास कांटे नसतात. कांहीं जातींचीं फुलें उमलतांना पांढरीं असून दोनतीन दिवसांत पिवळसर गुलाबी होतात. दिवेलागणीच्या सुमारास फुलांचा वास दरवळूं लागतो, तो मोठ्या निशाचर पतंगांस बोलावण्यासाठीं. कारण तेच पतंग परागांची देवघेव करतात. अंधारांत पांढरा रंग व गोड वास यांवांचून त्यांस वाट दाखविणार कोण ? निसर्गाची ही योजना पाहून परमेश्वराच्या कर्तृत्वाचें कौतुक कोणास वाटणार नाहीं ?

आणखी एक गोष्ट फार थोड्यांस ठाऊक आहे. या झाडाच्या सर्व मूळ जाती आज त्यांच्या जन्मभूमीच्या अरण्यांतून नाहींशा झाल्या आहेत, असा निर्वाळा आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघानें दिला आहे. ज्या प्राण्यांच्या द्वारें त्याच्या बियांचा प्रसार होत असे ते प्राणी फार पूर्वींच नष्ट झाले असावे, असा शास्त्रज्ञांचा तर्क आहे. तें कसेंही असो. आज हें झाड जगांत आहे तें केवळ माणसानें त्यास आपल्या परसांत जागा दिली म्हणून. उल्हासनगरच्या वाचकांस ही हकीकत विशेष जवळची वाटेल. ८ ऑगस्ट १९४९ रोजीं जुन्या कल्याण कॅम्पच्या बराकींवर ज्या नगराची स्थापना झाली, तें नगर सिंध प्रांतांतील आपलीं घरेंदारें गमावून आलेल्या कुटुंबांनीं वसविलें आहे. मायभूमीस मुकलेल्याला दुसऱ्याच्या अंगणांत मूळ धरावें लागतें, आणि तें तो किती जोमानें धरतो, हें त्या गांवास शिकवावयास नको.

आतां लागवडीविषयीं. या झाडाच्या कांहीं जाती उंच, थंड पहाडांतील आहेत. त्या आपल्याकडील उन्हाळ्यांत तग धरीत नाहींत. ब्राझीलच्या किनाऱ्याकडील पांढऱ्या फुलांची व इक्वेडोरच्या सखल भागांतील रंग पालटणारी, अशा उष्ण हवेच्या जाती मात्र आपल्याकडे चालतात. रोपवाटिकेंत रोप घेतांना एवढें विचारून घ्यावें.

बी पेरण्यापेक्षां फांदीचा तुकडा लावणें सोपें. पेन्सिलीहून जाड, वीतभर लांब, दोनतीन डोळे असलेला तुकडा घेऊन खालचीं पानें काढावीं व तो ओल्या वाळूंत खोंचून सांवलींत ठेवावा. पावसाळ्याच्या आरंभीं लावल्यास साधारणतः तीनचार आठवड्यांत मुळ्या फुटतात. येथें एक खुबी आहे. या झाडाचें खोड आधीं सरळ वाढतें, मग त्यास बेचकी फुटते, आणि बेचकी फुटल्यावरच फुलें येऊं लागतात. म्हणून बेचकीच्या वरच्या भागांतील तुकडा लावला तर झाड लहान असतांनाच फुलतें. खालच्या भागांतील लावला तर तें प्रथम उंच वाढतें व फुलांसाठीं वाट पाहावयास लावतें.

झाड मोठें खादाड आणि त्याहून अधिक तहानलेलें. कुंडी निदान दीड फूट व्यासाची, तळाशीं मोठीं भोंकें असलेली घ्यावी. माती, चांगलें कुजलेलें शेणखत व थोडी वाळू मिसळून भरावी, आणि वाढीच्या दिवसांत दर पंधरवड्यास खताचा हात द्यावा. वर्षांतून एकदां कुंडींतील माती बदलावी. सकाळचें कोंवळें ऊन व दुपारची सांवली ही या झाडास मानवणारी जागा. म्हणून पूर्वेकडील सज्जा उत्तम. जून ते सप्टेंबर या काळांत आपल्याकडील मुसळधार पावसानें दोन संकटें येतात : कुंडींत पाणी सांचून मुळें कुजतात, आणि पागोळ्यांच्या माऱ्यानें फुलें फाटतात. तेव्हां कुंडी विटांवर उचलून वळचणीच्या आंत घ्यावी. पाऊस सरून हवा थंडावली म्हणजे फुलांचा बहर येतो, तो एकदम येतो, आणि कांहीं दिवसांनीं ओसरून पुन्हां येतो.

एप्रिल व मे हे खरे कसोटीचे महिने. बदलापुरास पारा कधीं कधीं ४० अंशांच्याही वर जातो. अशा वेळीं माती ओली असूनही दुपारीं पानें माना टाकतात, कळ्या गळतात. झाड सांवलींत सरकवून सकाळ-संध्याकाळ पाणी द्यावें, संध्याकाळीं पानें पुन्हां उभीं राहतात. याच दिवसांत पानांच्या मागील बाजूस लाल कोळी व पांढरी माशी यांचा उपद्रव होतो. पानें उलटून पाण्याच्या धारेनें धुणें हा पहिला उपाय. परंतु नळास पाणी येण्याचे तास ठरलेले, उन्हाळ्यांत कपात, आणि घरांत हंडे मोजून भरावयाचे, अशी ज्या घरची स्थिति आहे त्यांनीं हें तहानलेलें झाड लावण्यापूर्वीं विचार करावा. तांदूळ-भाजी धुतलेलें पाणी झाडास चालतें. तें राखून ठेवण्याची संवय मुलांस लावावी. वालधुनीसारख्या कारखान्यांच्या सांडपाण्यानें दूषित झालेल्या प्रवाहाचें पाणी मात्र कोणत्याही कुंडींत घालूं नये.

येथपर्यंत फुलाची बाजू झाली; आतां विषाची. या झाडाच्या प्रत्येक अवयवांत स्कोपोलामिन, हायोसायमिन व ॲट्रोपिन हीं द्रव्यें असतात, धोत्र्यांतही हींच. तीं पोटांत गेलीं असतां तोंड कोरडें पडतें, कातडी लाल व तप्त होते, डोळ्यांच्या बाहुल्या विस्फारतात, नाडी धांवूं लागते, लघवी अडते, आणि माणूस भ्रमिष्टासारखा बडबडूं लागून हवेंतल्या नसलेल्या वस्तु चिमटीनें वेंचूं लागतो. मात्रा अधिक झाल्यास झटके, बेशुद्धि व मृत्यु. लहान मुलांस हें विष फार लवकर बाधतें. नुसता रस लागलेला हात डोळ्यास लावला तरी एकाच डोळ्याची बाहुली मोठी होऊन राहते, आणि कारण ठाऊक नसल्यास घरचे लोकच काय, डॉक्टरही मेंदूच्या विकाराच्या शंकेनें चिंतेंत पडतात.

या विषाचा इतिहास आपल्या प्रांताला नवा नाहीं. गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्यानें १५६३ सालीं गोव्यांत छापलेल्या आपल्या औषधींच्या ग्रंथांत, दासीनें मालकिणीस धोत्रा चारून दागिने लांबविल्याची हकीकत नमूद केली आहे. धोत्र्याचें बी मिरचीच्या बियांसारखें दिसतें, आणि या साम्याचा फायदा घेऊन वाटसरूंस लुबाडणारे लोक आपल्या देशांत होऊन गेले. उलट पक्षीं, याच कुळांतून मिळणारें ॲट्रोपिन आज प्रत्येक मोठ्या रुग्णालयांत असतें. पिकांवर फवारावयाच्या कांहीं जहाल कीटकनाशकांची बाधा झालेल्या शेतकऱ्याचे प्राण त्याच द्रव्यानें वांचवितात, आणि डोळे तपासतांना बाहुली मोठी करण्यासाठींही तें वापरतात. द्रव्य एकच, जाणत्याच्या हातीं तें औषध, अजाणत्याच्या हातीं मरण.

आतां मूळ प्रश्नाकडे वळूं. या बाबतींत दोन पक्ष ऐकूं येतात. एक पक्ष म्हणतो, "मोगरा आहे, रातराणी आहे, मग विष घरांत कशाला? उपटून टाका." या म्हणण्यांत मायेचा भाग आहे, आणि माया उपहासाचा विषय नव्हे. परंतु या न्यायानें कोठवर उपटावयाचें ? कण्हेर विषारी आहे. पिवळी बिट्टीही विषारी आहे. एरंडाचें बी, गुंजेचा दाणा, हीं सारीं विषेंच. धोत्रा तर पडीक जागेंत, रुळांच्या कडेला, आपोआप उगवतो. कुंडींतलें एक झाड उपटून जें मूल निर्धास्त झालें असें आपण मानलें, तें शाळेच्या वाटेवर धोत्र्याचें काटेरी फळ खेळावयास घेतें, कारण त्याचें नांव त्यास कोणीं सांगितलेलेंच नसतें.

दुसरा पक्ष याच्या उलट. तो म्हणतो, "फुलाला कसलें भय ? नांवच देवदूताचें आहे." कोणी त्यास पांढरा धोत्रा समजून महादेवास वाहतात. अंबरनाथास वालधुनीच्या कांठीं शके ९८२, म्हणजे इ. स. १०६० चा शिलालेख असलेलें शिवमंदिर आहे. महाशिवरात्रीस तेथें मोठी जत्रा भरते व बेल आणि धोत्रा वाहिला जातो. शेजाऱ्यांच्या श्रद्धेविषयीं आम्हांस आदर आहे, आणि वाहिलेल्या फुलाबद्दल आमची तक्रार नाहीं. आमचें सांगणें इतकेंच कीं, जें देवास वाहिलें तें माणसानें खावयाचें आहे असें नव्हे. दम्यावर धोत्र्याच्या पानांचा धूर, दुखण्यावर पाल्याचा रस, असे घरगुती उपाय आजही सांगितले जातात. ते वैद्यावांचून करणें म्हणजे जिवाशीं खेळणें होय. आणि मोठ्या वर्गांतील मुलांस आम्ही स्पष्ट बजावतों : यापासून नशा येते असें कोणी कानांत सांगेल, तर तो मित्र नव्हे. यापासून आनंद मिळत नाहीं. भ्रम, भीति आणि कित्येकदां मृत्यु मिळतो.

नांवावर भुलूं नये, हें तर ख्रिस्ती वाचकांस सांगावयासच नको. तेजस्वी देवदूताचें सोंग कोण घेतो हें त्यांनीं लहानपणींच ऐकलेलें असतें. तथापि झाडास सैतान ठरविणेंही अन्यायाचें आहे. झाड कोणास फसवीत नाहीं. त्याचें खरें स्वरूप न सांगतां जो तें विकतो किंवा भेट देतो, तो फसवितो.

आमचें नम्र मत असें कीं, सत्य या दोन पक्षांच्या मध्यें आहे, आणि त्याची खूण पवित्र शास्त्राच्या पहिल्याच पानांत सांपडते. एदेन बागेंतील जें झाड मनुष्यास वर्ज्य होतें तें बागेबाहेर दडविलेलें नव्हतें. तें बागेच्या मध्यभागीं होतें, आणि त्याविषयीं स्पष्ट शब्दांत सांगून ठेविलेलें होतें. बाप या नात्यानें परमेश्वरानें झाड उपटलें नाहीं, तसेंच मौनही धरलें नाहीं. आम्हां आईबापांचा व शिक्षकांचा मार्ग हाच असावा. मुलास विषापासून दूर ठेवणें हें संगोपनाचें निम्में काम. विष ओळखावयास शिकविणें हें उरलेलें निम्में. पहिलें निम्में मूल लहान असतांना, आणि दुसरें तें समजूं लागतांच.

यावरून व्यवहाराचे नियम आपोआप निघतात. ज्या घरांत सहा वर्षांखालील मूल आहे, किंवा शेजारचें तसें मूल अनिर्बंध येतें जातें, त्या घरीं हें झाड लावूं नये. मूल मोठें होईपर्यंत थांबावें, झाड कोठें पळून जात नाहीं. इतर घरीं लावावें, पण तें लावल्याच्या दिवशींच घरांतील प्रत्येकास, मोलकरणीस व शेजाऱ्यांसही, तें विषारी आहे हें सांगावें. कुंडीवर ठळक अक्षरांत नांवाची पाटी असावी. भाजीपाल्याच्या कुंड्यांजवळ तें ठेवूं नये. पानांची गल्लत होते. छाटणी हातमोजे घालून करावी, डोळ्यांस हात लावूं नये, आणि नंतर साबणानें हात धुवावे. छाटलेल्या फांद्या गाईगुरें व शेळ्या फिरतात तेथें टाकूं नयेत, जाळूंही नयेत, खड्ड्यांत पुराव्या.

इतक्याउप्पर कोणी चुकून खाल्लेंच, तर तोंडांतील तुकडे काढून चूळ भरावयास लावावी. मिठाचें पाणी पाजून ओकारी काढण्याच्या, चिंच-लिंबाच्या खटपटींत वेळ दवडूं नये. १०८ या क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी किंवा मिळेल त्या वाहनानें तत्काळ मोठ्या रुग्णालयांत न्यावें, आणि झाडाची एक डहाळी पिशवींत घालून बरोबर न्यावी. डॉक्टरांस ती डहाळी शंभर शब्दांपेक्षां अधिक सांगेल.

रोपवाटिकेच्या मालकांसही आमची विनंति आहे. प्रत्येक रोपाबरोबर 'विषारी, मुलांपासून दूर ठेवावें' एवढ्या शब्दांची चिठ्ठी बांधण्यास पैसा लागत नाहीं. गिऱ्हाईक बिचकेल ही भीति व्यर्थ आहे. ज्याचा विश्वास बसला तें गिऱ्हाईक पुन्हां येतें. शाळांनींही आपल्या बागेंतील प्रत्येक झाडावर नांवाची पाटी लावावी व विषारी झाडाचें नांव तांबड्या अक्षरांत लिहावें; पाट्या वरच्या वर्गांतील मुलांकडूनच लिहून घ्याव्या, म्हणजे लिहिणाराच्या तरी तें कायमचें ध्यानांत राहील.

पालकहो, आपल्या मुलांस पुढें ज्या जगांत वावरावयाचें आहे तेथें सुंदर रूपाच्या व गोड नांवाच्या कितीतरी वस्तु त्यांची वाट पाहात आहेत. त्या सर्व आपणांस उपटतां येणार नाहींत, आणि त्या प्रत्येकीच्या आड आपण जन्मभर उभे राहूं शकणार नाहीं. परंतु जवळ जावें पण तोंडांत घालूं नये, वास घ्यावा पण हात धुवावे, आणि नांव ऐकून न थांबतां गुण विचारावा, एवढें एका झाडावरून जरी तीं शिकलीं, तरी आपल्या सज्ज्यांतील त्या कुंडीनें पाण्याचें मोल फेडलें असें आम्ही समजूं.